‘तू’ म्हणजे कोण? त्सेलानच्या एका बर्लिन-कवितेचा मराठी अनुवाद: एक प्रकरण

पार्श्वभूमी

एका मराठी वाङ्मयीन त्रैमासिकाने जर्मन कवितेचा विशेषांक काढायचे ठरवले. ह्योल्डरलिन, रिल्के, ब्रेश्ट आणि पाउल त्सेलान (मराठीत याचे नाव बहुधा ‘पॉल सेलान’ असे छापले जाते) या चार कवींच्या निवडक कविता थेट जर्मनमधून मराठीत आणायच्या होत्या. मराठीत जर्मन कविता पूर्वी आल्या आहेत, पण पुष्कळदा इंग्रजीच्या दारातून. तसे यावेळी नको, एवढी एकच अट संपादकांनी घातली.

माणसांची नावे येथे दिलेली नाहीत. अनुवादिका पुण्यात जर्मन शिकवणाऱ्या. पहिले वाचक एक निवृत्त प्राध्यापक. सगळे त्यांना ‘सर’ म्हणत, म्हणून येथेही सरच. दुसऱ्या वाचक मराठीतल्या एक कवयित्री, ज्यांना जर्मन अजिबात येत नाही. ही निवड मुद्दाम केली होती: मूळ कळणारा एक माणूस आणि फक्त मराठी कविता कळणारा एक माणूस. मी या सगळ्याचे टिपण ठेवत होतो.

बहुतेक कविता दोनतीन फेऱ्यांत मार्गी लागल्या. त्सेलानची एक कविता मात्र अडली. तिला शीर्षक नाही. ती पहिल्या ओळीने ओळखली जाते, ‘डू लीग्स्ट इम ग्रोसन गेलाउशं’. चौदा छोट्या ओळी. त्सेलान 1970 मध्ये पॅरिसमध्ये वारला आणि ही कविता त्याच्या मृत्यूनंतर 1971 मध्ये निघालेल्या ‘श्नेपार्ट’ या संग्रहात आहे.

कवितेत काय घडते ते साध्या गद्यात असे. कोणीतरी ‘तू’ एका मोठ्या ऐकण्याच्या आत पडून आहे, भोवती झुडपे आणि हिमाचे पुंजके. त्याला किंवा तिला सांगितले जाते: श्प्रे नदीकडे जा, हाफेलकडे जा, खाटकाच्या आकड्यांकडे जा, स्वीडनच्या लाल सफरचंदी सजावटीकडे जा. मग भेटवस्तूंचे टेबल येते आणि एका ईडनला वळसा घालते. पुरुषाची चाळण होते. बाईला पोहावे लागते, आणि तिथेच तिला एक शिवी आहे. शेवटी लांडवेअर कालवा खळखळणार नाही असे येते, आणि मग दोन शब्द, दोन ओळींत तोडलेले: काहीच थांबत नाही.

अडचण

अनुवादिकेने पहिला खर्डा मुद्दाम कुठलेही भाष्य न वाचता केला. त्या नेहमीच तसे करतात. आधी कविता, मग कवितेविषयी. खर्डा वाचायला गोड होता, आणि हे गोड असणे सरांना खटकले. ‘ईडन’च्या जागी ‘नंदनवन’ आले होते. लांडवेअर कालव्याचे नाव जाऊन नुसता ‘कालवा’ उरला होता. शिवी गाळली होती. आणि पहिल्या दोन ओळी अशा होत्या:

तू पडून आहेस मोठ्या ऐकण्यात,
झुडपांनी वेढलेला, हिमपुंजक्यांनी वेढलेला.

सरांनी समासात एकच प्रश्न लिहिला: “वेढलेला कशावरून?”

येथून प्रकरण सुरू होते. जर्मनमध्ये ‘तू’ला लिंग नाही आणि तिथले विशेषणही ते उघड करत नाही. मराठीत ‘तू पडून आहेस’ इथवर निभावते. पुढे ‘वेढलेला’ की ‘वेढलेली’ हे सांगावेच लागते. अनुवादिकेने सवयीने पुल्लिंग वापरले होते. पण या कवितेत ‘तू’ कोण यावरच अभ्यासकांचे सगळे वाचन टेकलेले आहे.

त्यासाठी कवितेमागची हकीगत सांगायला हवी. ती आपल्याला माहीत आहे याचे कारण साहित्याभ्यासक पेटर सोंडी. बुडापेस्टमध्ये जन्मलेला, लहानपणी बेर्गेन-बेल्सनची नाझी छावणी पाहिलेला हा माणूस पश्चिम बर्लिनच्या फ्री युनिव्हर्सिटीत तौलनिक साहित्य शिकवत असे, आणि त्सेलानचा मित्र होता. डिसेंबर 1967 मध्ये त्सेलान बर्लिनला आला. त्याची खोली टीअरगार्टन या मोठ्या बागेच्या कडेला असलेल्या कला अकादमीत होती आणि खिडकीबाहेर बर्फातली झुडपे होती. त्या दिवसांत तो प्ल्योत्सेनझेला, नाझी काळातल्या फाशीच्या तुरुंगात, जाऊन आला. 1944 च्या जुलैमध्ये हिटलरविरुद्ध कट केलेल्यांना तिथल्या तुळईच्या आकड्यांवर फाशी दिले गेले होते. नाताळचा बाजार पाहिला, तिथे सफरचंदे लावलेली ती लाल स्वीडिश सजावट होती. आणि रोझा लुक्सेम्बुर्ग व कार्ल लीबक्नेख्ट या जर्मन कम्युनिस्ट नेत्यांच्या खुनाविषयी त्याच वर्षी निघालेले कागदपत्रांचे पुस्तक तो वाचत होता. 15 जानेवारी 1919 रोजी या दोघांना पकडून हॉटेल ईडनमध्ये आणले होते. तिथे घोडदळाच्या एका तुकडीचे मुख्यालय होते. तिथून त्यांना बाहेर नेऊन मारले. लीबक्नेख्टला टीअरगार्टनमध्ये गोळ्या घातल्या. रोझाचे प्रेत लांडवेअर कालव्यात टाकले, ते सापडायला मे महिन्याची अखेर उजाडली. कवितेतली शिवी मारेकऱ्यांच्या बाजूची, त्या पुस्तकातून आलेली आहे.

हे कळल्यावर ‘नंदनवन’ टिकणे शक्यच नव्हते. पण मग ‘तू’ कोण? खिडकीशी पडलेला कवी? की बर्फाखालच्या बागेतली, कालव्यातली ती बाई? पुल्लिंग लिहिले की एक उत्तर दिल्यासारखे होते, स्त्रीलिंग लिहिले की दुसरे.

समोरचे पर्याय

आता वाद ‘तू’च्या लिंगावरून टीपांवर, म्हणजे ही हकीगत वाचकाला सांगायची का यावर गेला, आणि तो वाद जर्मनीत पन्नास वर्षांपूर्वी झालेला आहे, हे आम्हाला सरांकडून कळले.

सोंडीने या कवितेवर ‘ईडन’ नावाचा निबंध लिहायला घेतला. तो अपुरा राहिला. 1971 मध्ये सोंडीने बर्लिनमध्ये आत्महत्या केली आणि निबंध त्याच्या मृत्यूनंतर ‘त्सेलान-श्टूडिएन’मध्ये 1972 साली आला. त्यात तो वरची सगळी हकीगत सांगतो आणि लगेच स्वतःलाच अडवतो: ही माहिती म्हणजे कवितेचा अर्थ नव्हे. बर्लिनमध्ये त्या दिवसांत कवीने शेकडो गोष्टी पाहिल्या असतील; त्यांतल्या नेमक्या याच का निवडल्या गेल्या आणि कवितेत एकमेकींना कशा जोडल्या गेल्या, हे पाहायचे. खुनापूर्वीच्या थांब्याचे नाव स्वर्गाचे असावे, आणि त्याला वळसा घालून नाताळचे टेबल यावे, इथे त्याचे बोट थांबते. सोंडीला केवळ चरित्रवादी म्हणणारे हा भाग वाचत नाहीत असे मला वाटते.

दुसऱ्या बाजूला तत्त्वज्ञ हान्स-गेऑर्ग गाडामर. त्याने 1973 मध्ये त्सेलानच्या ‘आटेमक्रिस्टाल’ या कवितामालेवर एक छोटे पुस्तक लिहिले, त्याचे नावच ‘मी कोण आणि तू कोण?’ या अर्थाचे आहे. हॉलंडच्या समुद्रकिनारी वाळूच्या टेकाडांत बसून, संदर्भग्रंथांशिवाय, कविता पुन्हा पुन्हा वाचून मी हे लिहिले असे तो सांगतो. पुस्तकाच्या शेवटी तो सोंडीच्या या निबंधाकडे वळतो. वाचकाला काय माहीत असायला हवे? त्याचे उत्तर साधारण असे की कविता स्वतःच्या पायावर उभी राहते. कवीच्या खासगी दिनक्रमाची माहिती असेल तर वाचन नेमके होईल, पण ती नसली तर कविता मुकी होत नाही.

आमच्या बैठकीत सर सोंडीच्या बाजूला आणि कवयित्री गाडामरच्या बाजूला बसल्या, फक्त कवयित्रींना गाडामर तेव्हा माहीत नव्हता. त्या म्हणाल्या, “सर, टीप वाचली की मी कविता वाचत नाही, शब्दकोडं तपासते.” सरांचे म्हणणे वेगळे होते. गाडामर ज्या वाचकाविषयी बोलतो तो जर्मन वाचक आहे. रोझाला कालव्यात टाकले हे जर्मनीत शिकलेल्या माणसाच्या कानावर पडलेले असते. बर्लिनमध्ये दर जानेवारीत तिच्या स्मरणार्थ मिरवणूक निघते. आपल्याकडे डाव्या चळवळीतल्या वाचकाला तिचे नाव माहीत असेल, पण कालव्याचे नाव किती जणांना? जी माहिती तिथे हवेत आहे ती इथे कुठेच नाही, मग ‘कविता स्वतः बोलेल’ हे इथे कुणाच्या भरवशावर म्हणायचे?

हा मुद्दा बिनतोड होता आणि कवयित्रींनीही तो मान्य केला. पण त्यावरून टीप कुठे द्यायची हे ठरत नाही.

मांडले गेलेले पर्याय असे: कविता नुसती छापणे, ओळीओळीला आकडे टाकून तळटीपा देणे, कवितेच्या आधी चार वाक्यांची ओळख देणे, किंवा कविता संपल्यावर, पान उलटल्यानंतर, अनुवादिकेचा छोटा लेख देणे. संपादकांनी मधला मार्ग म्हणून कवितेखाली फक्त ‘बर्लिन, डिसेंबर 1967’ छापायचे सुचवले. ते आकर्षक होते, कारण कमीत कमी शब्दांत वाचकाला जागा आणि ऋतू मिळाला असता. अनुवादिकेने हरकत घेतली. त्सेलान आपल्या हस्तलिखितांवर तारखा आणि ठिकाणे लिहीत असे आणि छापताना बहुधा काढून टाकत असे. त्याने काढलेले आपण परत चिकटवायचे, तर तो अनुवाद नसून संपादन झाले.

याच संदर्भात अनुवादिकेने 1960 च्या ‘मेरिडिआन’ भाषणाकडे लक्ष वेधले. ब्यूखनर पुरस्कार घेताना डार्मश्टाटमध्ये केलेल्या या भाषणात त्सेलान म्हणतो की कदाचित प्रत्येक कवितेत तिची अशी एक ‘20 जानेवारी’ कोरलेली असते. ज्याच्या नावाचा हा पुरस्कार त्या एकोणिसाव्या शतकातल्या जर्मन लेखकाच्या, ब्यूखनरच्या, ‘लेन्त्स’ या कथेची सुरुवात त्या तारखेने होते. आणि ज्यूंच्या संहाराची आखणी झालेली वानझेची बैठकही 1942 च्या 20 जानेवारीचीच. पण पुढे लगेच तो म्हणतो की कविता आपल्या तारखांची आठवण ठेवते, तरीही ती बोलते. ही ‘तरीही’ आम्हाला दोन्ही बाजूंच्या वर नेणारी वाटली. आठवण कवितेने ठेवायची आहे. ती पाटीवर लिहून वाचकाच्या हातात देण्याविषयी कवी काही म्हणत नाही.

काय केले

निर्णयाआधी अनुवादाचा सुधारलेला खर्डा त्रैमासिकाच्या काही नेहमीच्या वाचकांना दिला. काहींना नुसती कविता, काहींना आधी ओळख आणि मग कविता.

नुसती कविता वाचणाऱ्यांना ती नाताळच्या रात्रीची, पण कुठेतरी कत्तल चाललेली अशी वाटली. आकडे आणि सफरचंदे शेजारी आल्याने एकाला कसायाचे दुकान आणि फळवाला एकाच गल्लीत दिसले. ‘ईडन’ सगळ्यांनी बायबलातला स्वर्ग धरला. पुरुष आणि बाई म्हणजे आदम आणि हव्वा, असेही एकाने सांगितले, आणि ते वाचन चूक म्हणवत नाही; सोंडीलाही हे दोन्ही ईडन एकत्र हवे आहेत. धसका मात्र सगळ्यांना पोचला होता.

ओळख आधी वाचलेल्यांना कविता ‘कळली’. रोझा लुक्सेम्बुर्गच्या खुनावरची कविता, असे त्यांनी सांगितले आणि विषय संपवला. टेबलाविषयी, भेटवस्तूंविषयी, ‘तू’विषयी त्यांच्याकडे बोलायला काही नव्हते. हा फरक इतका ठळक होता की आधी ओळख देण्याचा पर्याय सरांनी स्वतःच मागे घेतला, निदान त्या अंकापुरता.

तेव्हा ठरले ते असे: कविता एकटी, आकड्यांशिवाय, पान उलटल्यावर लेख. आणि माहिती खरी कामाला लावायची ती अनुवादाच्या आत, शब्द निवडताना. वाचकाला काय सांगायचे हा प्रश्न पुढे ढकलता येतो, पण अनुवादकाला हे आधी माहीत असावेच लागते, नाहीतर नकळत एखादे दार बंद होते. ‘नंदनवन’ने तेच केले होते.

त्यानुसार बदल झाले. ‘ईडन’ ईडनच राहिले, हॉटेलचेही आणि स्वर्गाचेही. कालव्याचे नाव परत आले. शिवीवर बराच वेळ गेला. अनुवादिकेने ती गाळली होती ती आदरापोटी, सर म्हणाले, “ती शिवी कवीची नाही, मारणाऱ्यांची आहे, आणि कवीने तिला अवतरणचिन्हंही दिली नाहीत. ते आपण कशाला झाकायचं?” जर्मनमध्ये ‘बाई’ आणि ‘डुकरीण’ यांचे यमक होते आणि ते यमकच अंगावर येते. मराठीत ते साधले नाही. ‘डुकरीण’ मात्र ओळीच्या शेवटी, स्वल्पविरामानंतर एकटी ठेवली.

‘पुरुषाची चाळण झाली’ हे मराठीत आयते मिळत होते; गोळ्यांनी चाळण होणे आपण रोज वर्तमानपत्रात वाचतो. कवयित्रींनी नेमकी त्यालाच हरकत घेतली. फार गुळगुळीत आहे, बातमीसारखे आहे, म्हणाल्या. मूळ क्रियापदही जुन्या वळणाचे, बायबलात किंवा परीकथेत शोभेल असे आहे. शेवटी ‘पुरुष चाळण झाला’ असे केले. ते अडखळते, आणि तसेच हवे होते.

शेवटच्या दोन ओळींसाठी ‘थांबत नाही’ बदलून ‘गोठत नाही’ घेतले. मूळ क्रियापदात प्रवाह अडणे आणि रक्त साकळणे दोन्ही आहे, आणि ब्यूखनरच्या ‘डान्टनचा मृत्यू’ नाटकात लुसील म्हणते की एवढा एक थेंब सांडला तर जीवनाचा प्रवाहच अडायला हवा. त्याला त्सेलान येथे उत्तर देतो असे अभ्यासकांनी दाखवले आहे. ‘गोठणे’ पाण्याला लागते, रक्ताला लागते आणि दुसऱ्या ओळीतल्या बर्फालाही. मुळात कवितेचे शेवटचे शब्द पहिल्या दोन ओळींशी यमकाने बांधलेले आहेत; ते गमावले, त्याची थोडी भरपाई येथे झाली.

आणि ‘तू’. तेथे सगळ्यात जास्त खर्डे झाले. ‘वेढलेले’ असे नपुंसकलिंगी करून पाहिले, तर ‘तू’ एखादे मूल किंवा प्रेत वाटू लागले. ‘तुम्ही’ केले तर जवळीक गेली. तोडगा अनुवादिकेनेच काढला, विशेषणच काढून टाकून:

तू पडून आहेस मोठ्या ऐकण्यात,
भोवती झुडपं, भोवती हिमपुंजके.

मूळचे दोन घडवलेले, एकेका शब्दाचे विशेषण येथे चार साध्या शब्दांत सांडते, हे नुकसान आहे. पण ‘तू’ पुन्हा कुणीही होऊ शकतो किंवा होऊ शकते. सर यावर समाधानी झाले, कवयित्री तर खूशच झाल्या. एकाच ओळीवर दोघांचे जमलेले तेवढे एकच ठिकाण.

निष्पत्ती

कविता विशेषांकात आली नाही. कारण वाङ्मयीन नव्हते. ह्योल्डरलिन आणि रिल्के केव्हाच कॉपीराइटमुक्त आहेत. ब्रेश्ट 1956 मध्ये वारला. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षे हक्क राहतो, तेव्हा इथे तो 2017 पासून मोकळा आहे, जरी जर्मनीत 70 वर्षांच्या नियमाने 2026 अखेरपर्यंत नाही. त्सेलानचा हक्क भारतातही 2030 अखेरपर्यंत चालू आहे. परवानगीचे पत्र अनुवाद पक्का झाल्यावर पाठवले गेले, आणि उत्तर येईपर्यंत विशेषांक छापखान्यात गेला होता. कविता आणि लेख पुढच्या अंकात आले.

वाचकांची पत्रे आली त्यांत दोन तक्रारी वारंवार होत्या. शेजारी मूळ जर्मन का नाही, ही एक. त्याला उत्तर हक्कांचेच. दुसरी अशी की लेख वाचून पुन्हा कविता वाचली तर पहिले वाचन परत मिळत नाही. एका वाचकाने लिहिले की त्याने लेख मुद्दाम आठवडाभर उघडला नाही.

सरांचे मत पुढे पुन्हा बदलले. ओळख आधीच द्यायला हवी होती, असे ते आजही म्हणतात. फक्त खुनाची नव्हे, तर बर्लिनमधल्या ठिकाणांची.

वेगळे काय करता आले असते

परवानगीचे पत्र पहिल्या दिवशी जायला हवे होते. अनुवाद पक्का नसतानाही परवानगी मागता येते; कविता कोणती, कुठे छापणार, किती प्रती, एवढे माहीत असले की पुरते. सगळ्या अंकात फक्त एकाच कवीला परवानगी लागणार होती आणि त्याचीच मागायला सर्वांत उशीर झाला.

वाचकांची चाचणी एका बाजूने अपुरी होती. जर्मन येणारे मराठी वाचक तीत नव्हते, आणि पुण्यात ते शोधायला लांब जावे लागले नसते. मूळ वाचून आलेल्या माणसाला मराठी ‘तू’ कसा ऐकू येतो, हे कळले असते. कविता मोठ्याने वाचूनही दाखवली नाही. त्सेलानने स्वतः वाचलेल्या कवितांची ध्वनिमुद्रणे उपलब्ध आहेत. तो स्वर ऐकून अनुवाद करायचा की ऐकल्याशिवाय, यावर बोलणेच झाले नाही.

बार्बारा वीडेमान यांची भाष्यासहित त्सेलान-आवृत्ती सरांकडे होती आणि ती अनुवादिकेला तिसऱ्या खर्ड्यापर्यंत दिली गेली नाही, कारण ‘आधी कविता’ ही त्यांची पद्धत सगळ्यांना पटली होती. मला अजूनही ती पद्धत पटते. पण पहिला खर्डा झाल्याबरोबर, दुसऱ्याआधी, ते पुस्तक हातात पडले असते तर ‘नंदनवन’वरचे दोन महिने वाचले असते. उलट बाजूही आहे: पुस्तक आधी मिळाले असते तर ‘वेढलेला’ हा शब्द कदाचित लिहिलाच गेला नसता, आणि ‘तू’चा प्रश्न समासात कुणी विचारला नसता.

आता या अनुवादांचे पुस्तक होणार आहे. तिथे पान उलटून लेख देण्याची सोय नाही. प्रकाशकांना सगळ्या टीपा शेवटी एकत्र हव्या आहेत. अनुवादिकेने त्याला हरकत घेतलेली नाही, पण त्या टीपांना आकडे नकोत, फक्त कवितेची पहिली ओळ द्या, असे कळवले आहे. सरांनी त्यासाठी बर्लिनचा एक नकाशा सुचवला आहे, कालवा आणि टीअरगार्टन दाखवणारा. त्यावर निर्णय व्हायचा आहे.